झाडतोडीच्या परवानगीला उच्च न्यायालयात आव्हान: हरकतीपासून स्थगितीपर्यंत

झाडाच्या खोडावर पालिकेची नोटीस दिसली की बहुतेक लोक तिचा फोटो काढून सोसायटीच्या ग्रुपवर टाकतात आणि ऑनलाइन सह्या गोळा करायला लागतात. कोर्टात या सह्यांचा काडीचा उपयोग होत नाही. नोटिशीत हरकत घेण्याची शेवटची तारीख दिलेली असते. त्या तारखेच्या आत लेखी हरकत देऊन पोच घेतली असेल, तरच पुढे याचिकेला खरा आधार मिळतो. झाडं वाचवण्याचे बरेचसे खटले कोर्टात उभे राहण्याआधीच, नोटीस लागल्यानंतरच्या आठवड्यात हरलेले असतात.

इथे मुख्यतः महाराष्ट्रातल्या महापालिका आणि नगरपालिका हद्दीतल्या झाडांचा विचार केला आहे. वनजमीन, खारफुटी आणि गोवा यांचे नियम वेगळे आहेत. ते ओघात येतील.

आधी कायदा कोणता ते ठरवा

शहरातल्या झाडाला लागतो महाराष्ट्र (नागरी क्षेत्रे) झाडांचे संरक्षण व जतन अधिनियम, १९७५. बोलण्यात सगळे त्याला झाडांचा कायदा म्हणतात. परवानगी देतं ते वृक्ष प्राधिकरण. पाहणी करतो तो वृक्ष अधिकारी, म्हणजे बहुतेक ठिकाणी उद्यान विभागातला माणूस. गावाकडच्या खासगी जमिनीवरच्या झाडांना १९६४ चा झाडतोड नियमनाचा कायदा लागतो. त्यात ठरावीक जातींच्याच झाडांना संरक्षण आहे. जमीन वन असेल तर १९८० चा वन संरक्षण कायदा लागतो आणि केंद्राची आगाऊ मंजुरी घ्यावी लागते. सातबाऱ्यावर ‘वन’ लिहिलेलं नाही म्हणून हा कायदा लागत नाही असं समजू नका. सर्वोच्च न्यायालयाने गोदावर्मन प्रकरणात १२ डिसेंबर १९९६ रोजी ‘वन’ या शब्दाचा शब्दकोशातला अर्थ घ्यायला सांगितलं, मालकी कोणाचीही असो. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यावर पुन्हा वाद सुरू झाला आहे. त्यामुळे हा मुद्दा घ्यायचा असेल तर वकिलाकडून आजची स्थिती तपासून घ्या.

खारफुटी असेल तर मुंबई उच्च न्यायालयाचा १७ सप्टेंबर २०१८ चा निकाल आधी वाचा. त्यानुसार सार्वजनिक प्रकल्पासाठीही खारफुटी तोडायची तर उच्च न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते. म्हणजे इथे सरकारलाच कोर्टात अर्ज करावा लागतो आणि तुम्हाला त्या अर्जात हस्तक्षेप मागता येतो. बुलेट ट्रेनच्या मार्गासाठी डिसेंबर २०२२ मध्ये सुमारे २२ हजार खारफुटी तोडायची परवानगी मिळाली ती याच वाटेने. मूळचा आकडा ५० हजारांच्या वर होता. अर्ज कोर्टात येईपर्यंत तो निम्म्याहून खाली उतरला होता, हे लक्षात घेण्यासारखं आहे.

गोव्यात १९८४ चा वेगळा वृक्ष संरक्षण कायदा आहे आणि तिथली याचिका पर्वरीच्या खंडपीठात जाते.

एक चूक वारंवार होते. झाडांचा विषय म्हणजे पर्यावरण, पर्यावरण म्हणजे राष्ट्रीय हरित लवाद (पर्यावरणाच्या वादांसाठीचं वेगळं न्यायाधिकरण), असं धरून लोक त्याच्या पुण्याच्या पश्चिम विभागीय पीठाकडे जातात. लवादाचा अधिकार २०१० च्या कायद्याच्या पहिल्या अनुसूचीतल्या सात कायद्यांपुरता आहे: पाणी प्रदूषण, पाणी उपकर, वन संरक्षण, हवा प्रदूषण, पर्यावरण संरक्षण, सार्वजनिक दायित्व विमा आणि जैवविविधता. १९७५ चा झाडांचा कायदा त्यात नाही, १९७२ चा वन्यजीव कायदाही नाही. नुसत्या वृक्ष प्राधिकरणाच्या परवानगीविरुद्ध लवादाकडे गेलात तर समोरचा वकील पहिल्याच तारखेला अधिकारक्षेत्राचा मुद्दा काढतो. त्यावर युक्तिवाद होईपर्यंत झाड पडलेलं असतं. प्रकल्पाला पर्यावरण मंजुरी किंवा वनमंजुरी मिळाली असेल आणि तिलाच आव्हान द्यायचं असेल, तर मात्र लवाद हीच योग्य जागा.

शहरातल्या झाडांसाठी मग राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर यांच्या जोडीला १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांचं काम तिथे चालतं. पुण्याची याचिका अजून मुंबईलाच जाते.

कोर्ट काय तपासतं

‘हा वड शंभर वर्षांचा आहे, याच्यावर वटवाघळं राहतात, तो तोडणं पाप आहे’, हे सगळं खरं असलं तरी न्यायालयीन पुनर्विलोकनात कोर्टापुढचा प्रश्न तो नसतो. झाड ठेवायचं की तोडायचं हे कोर्ट स्वतः ठरवत नाही. ज्याला ठरवायचा अधिकार होता त्याने कायद्याने सांगितलेल्या रीतीने ठरवलं का, एवढंच ते तपासतं. मेट्रोपेक्षा झाड महत्त्वाचं असा युक्तिवाद केलात तर उत्तर येईल, हा धोरणाचा विषय आहे. तेच ‘४१२ झाडांच्या प्रस्तावातल्या ९० झाडांवर नोटीसच लावली नव्हती’ असं म्हणालात तर न्यायमूर्ती पालिकेच्या वकिलाकडे बघतात.

म्हणून मुद्दे शोधायचे ते परवानगीच्या प्रक्रियेत. १९७५ च्या कायद्याच्या कलम ८ प्रमाणे अर्ज आल्यावर वृक्ष अधिकाऱ्याने स्वतः झाडाची पाहणी करायची असते, स्थानिक वर्तमानपत्रांत जाहिरात द्यायची असते, झाडावर ठळक जागी नोटीस लावायची असते आणि मग प्राधिकरणाने अर्जापासून ६० दिवसांत निर्णय द्यायचा असतो. यातली एखादी पायरी गाळली गेली की तो तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा. एखादी गोष्ट अमुक रीतीने करावी असं कायदा सांगत असेल तर ती त्याच रीतीने व्हायला हवी, हे तत्त्व इतकं जुनं आणि पक्कं आहे की त्यावर फार वाद होत नाही.

दुसरा मुद्दा प्राधिकरणाच्या रचनेचा. सभेला कोण होतं, गणसंख्या पुरी होती का, कायद्याला अपेक्षित असलेले जाणकार सदस्य नेमलेले होते का? मुंबईच्या वृक्ष प्राधिकरणावर तज्ज्ञच नव्हते म्हणून २०१८ मध्ये उच्च न्यायालयाने त्याच्या निर्णयप्रक्रियेला खीळ घातली होती. छोट्या नगरपालिकांत तर प्राधिकरण कागदावर तरी आहे का, इथपासून विचारावं लागतं.

तिसरा मुद्दा डोकं न वापरता दिलेल्या निर्णयाचा. एका सभेत शंभरेक प्रस्ताव, प्रत्येकावर ‘मंजूर’ असा एकच शब्द, हरकतींचा उल्लेख नाही, पर्यायी आराखड्याचा विचार नाही. इथे सर्वोच्च न्यायालयाचा १९७७ चा मोहिंदरसिंग गिल प्रकरणातला निकाल फार उपयोगी पडतो. आदेशाचं समर्थन आदेशात लिहिलेल्या कारणांवरच करावं लागतं, नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडून ते करता येत नाही. पालिकेचं उत्तर वाचताना हे कायम डोक्यात ठेवा. सभेच्या इतिवृत्तात नसलेलं एखादं छान कारण प्रतिज्ञापत्रात हमखास सापडतं.

चौथा मुद्दा तुकडे पाडण्याचा. मुंबईत २५ हून कमी झाडांचा निर्णय एकट्या आयुक्तांकडे देणारी तरतूद होती. एकाच रस्त्याची झाडं २४-२४ च्या गठ्ठ्यांनी मंजूर होताहेत अशी तक्रार कोर्टात गेली आणि त्या अधिकाराला स्थगिती मिळाली. आकड्याची मर्यादा जिथे असेल तिथे एकाच प्रकल्पाचे सगळे प्रस्ताव शोधून बेरीज करून बघा.

माहिती दडवणं हाही मुद्दा आहे, पण तो जास्त करून पर्यावरण मंजुरीच्या खटल्यांत चालतो. गोव्यातल्या मोपा विमानतळाची मंजुरी सर्वोच्च न्यायालयाने २९ मार्च २०१९ रोजी स्थगित ठेवली ती अर्जात आजूबाजूच्या परिसराची माहिती नीट दिली नव्हती म्हणून. फेरविचार झाल्यावर जानेवारी २०२० मध्ये ती स्थगिती उठली. पुनर्विलोकनात जिंकणं बहुतेकदा असंच असतं: निर्णय परत पाठवला जातो, प्रकल्प कायमचा रद्द होतोच असं नाही. प्रक्रियेची चूक सुधारून तीच परवानगी पुन्हा येऊ शकते. मधल्या काळात आराखडा बदलतो, झाडांचा आकडा कमी होतो. खरा फायदा तिथे असतो.

नोटिशीचा आठवडा

जाहिरातीत हरकतींसाठी बहुतेकदा सात दिवस दिलेले असतात. माहिती अधिकाराच्या अर्जाला उत्तर यायला ३० दिवस. हे गणित कधीच जुळत नाही, म्हणून नुसता माहिती अधिकाराचा अर्ज टाकून वाट बघत बसू नका. महाराष्ट्र शासनाच्या २६ नोव्हेंबर २०१८ च्या निर्णयानुसार जिल्हास्तरीय कार्यालयं आणि स्थानिक स्वराज्य संस्थांमध्ये दर सोमवारी दुपारी ३ ते ५ नागरिकांना अभिलेख पाहता येतो. त्या निर्णयाची छापील प्रत सोबत न्या, कारण खिडकीवरच्या माणसाला तो ठाऊक असेलच असं नाही. पाहायला मिळालं तर मोबाइलवर पानं टिपून घ्या. कोणी अडवलं तर तारीख, वेळ आणि अडवणाऱ्याचं पदनाम लिहून त्याच दिवशी वृक्ष अधिकाऱ्याला ईमेल करा. फाईल दाखवली नाही, हीसुद्धा पुढे एक कारण म्हणून वापरता येते.

माहिती अधिकाराचा अर्ज तरीही टाकायचाच, नंतर लागतो. राज्यात एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे, १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावायचा. मागायचं ते नेमकं: प्रस्ताव क्रमांक, अर्जदाराचा मूळ अर्ज आणि नकाशा, झाडांची क्रमांकवार यादी, वृक्ष अधिकाऱ्याचा पाहणी अहवाल, जाहिरातीची कात्रणं, आलेल्या हरकती, सभेचं इतिवृत्त. ‘सर्व कागदपत्रं’ असं लिहिलंत तर अर्ज मोघम म्हणून परत येतो.

मग स्वतःची मोजणी. दोघं-तिघं मिळून एका सकाळी ऐंशी-नव्वद झाडं होतात. शिंप्याची टेप, वही, पालिकेची यादी आणि जागेचा अक्षांश-रेखांश फोटोवर उमटवणारं ॲप एवढं पुरतं. घेर जमिनीपासून १.३७ मीटरवर मोजायचा, म्हणजे साधारण छातीच्या उंचीवर. उतारावरचं झाड असेल तर वरच्या बाजूने उंची धरा. त्या जागी गाठ किंवा फांदीचं बेचकं आलं तर थोडं वर किंवा खाली मोजून तसं वहीत लिहा. प्रत्येक झाडाचे तीन फोटो: पूर्ण झाड, खोडावर टेप धरलेली, आणि रंगवलेला क्रमांक. खोडावर नोटीस असेल तर तिचाही एक, आणि नसेल तर खोडाच्या चारही बाजूंचे. नोटीस ‘नव्हती’ हे सिद्ध करायला एका बाजूचा फोटो पुरत नाही.

यादी आणि जागा ताडून बघितल्या की काय सापडतं ते पाहा. शिरीष, उंबर यांसारख्या झाडांपुढे ‘सुबाबूळ’ लिहिलेलं असतं, कारण सुबाबुळीबद्दल कोणाला प्रेम नाही. बुंध्यापासून फुटलेली झाडं ‘झुडूप’ म्हणून यादीतूनच वगळलेली असतात. १९७५ च्या कायद्याच्या व्याख्येत रोपावस्थेतलं झाडही येतं आणि जमिनीपासून फांद्या फुटणारी झुडपंही येतात, त्यामुळे ही पळवाट टिकत नाही. ‘मृत’ किंवा ‘धोकादायक’ असा शेरा असलेल्या झाडाला कोवळी पालवी दिसते, तिचा तारखेसह फोटो शंभर वाक्यांचं काम करतो. पुनर्रोपणाची जागा म्हणून जो भूखंड दाखवला आहे तिथे जाऊन या. तिथे आधीच झाडं असतात किंवा नुसता कातळ असतो.

वयाकडे विशेष लक्ष द्या. २०२१ च्या दुरुस्तीने ५० वर्षं किंवा त्याहून जुन्या झाडांना ‘हेरिटेज वृक्ष’ असा वेगळा दर्जा दिला, आणि तोडलेल्या झाडाचं जेवढं वय तेवढी रोपं लावायची असा हिशेब आणला. त्यामुळे वय कमी दाखवण्याचा मोह दुप्पट झाला. वनस्पतिशास्त्राच्या प्राध्यापकाकडून दोन पानांचं सहीचं टिपण मिळालं तर तुमच्या अंदाजाला वजन येतं. जुन्या वृक्षगणनेतली नोंद, १९७० च्या सुमाराचा फोटो, शाळेच्या स्मरणिकेतलं मैदानाचं चित्र, हेही चालतं. कायद्यात त्यानंतरही फेरफार झाले आहेत, म्हणून इंटरनेटवर सापडलेली जुनी प्रत न वापरता परवानगीच्या तारखेला लागू असलेला मजकूर घ्या. चुकीच्या कलमावर बेतलेली याचिका फार केविलवाणी दिसते.

हरकत कशी लिहायची? भावना एका ओळीत आटोपा आणि पुढे झाडागणिक लिहा. नमुना असा:

‘प्रस्ताव क्र. … मधील झाड क्र. ४७: यादीत “सुबाबूळ, घेर ६० सेंमी, वय १० वर्षे” अशी नोंद आहे. दि. … रोजी प्रत्यक्ष पाहणीत हे झाड शिरीष असून १.३७ मीटर उंचीवर घेर १८४ सेंमी आहे (फोटो ४७-अ ते ४७-क). या झाडावर नोटीस लावलेली नाही. रस्त्याची आखणी पूर्वेकडे सरकवल्यास क्र. ४४ ते ५१ ही आठ झाडे वाचतात, नकाशा सोबत जोडला आहे. हा पर्याय तपासला का व नाकारला असल्यास कारण काय, हे लेखी कळवावे. मला प्रत्यक्ष सुनावणी द्यावी.’

शेवटची दोन वाक्यं विसरू नका. पर्याय लेखी मांडला आणि प्राधिकरणाने त्याच्याकडे पाहिलंही नाही, हे इतिवृत्तावरून दिसलं की डोकं न वापरता निर्णय दिल्याचा तिसरा मुद्दा आपोआप तयार होतो. हरकत आवक खिडकीवर देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का घ्या, शिवाय ईमेलही करा. एकाच मजकुराच्या पाचशे हरकतींपेक्षा अशी एक हरकत भारी पडते. पाचशे प्रतींना ‘एकसारख्या हरकती, नामंजूर’ असं एका ओळीत उडवता येतं.

परवानगी आली: दिवस मोजा

परवानगी दिल्यावर झाड तोडण्याआधी १५ दिवसांची मुदत धरली जाते. मुंबईतल्या आरेच्या मेट्रो कारशेडमध्ये तिचं काय झालं ते तारखांनिशी बघण्यासारखं आहे. वृक्ष प्राधिकरणाने २९ ऑगस्ट २०१९ रोजी प्रस्ताव मंजूर केला, परवानगीचं पत्र १३ सप्टेंबरचं होतं. याचिकांवर उच्च न्यायालयाचा निकाल लागला ४ ऑक्टोबरला, शुक्रवारी, आणि याचिका फेटाळल्या गेल्या. त्याच रात्री कटर चालू झाले. निकालानंतर पुन्हा १५ दिवस मिळतील अशी लोकांची समजूत होती. मेट्रो महामंडळाचं म्हणणं, १३ सप्टेंबरपासूनचे १५ दिवस २८ सप्टेंबरलाच संपले. शनिवारी स्थगितीची विनंती झाली, ती मान्य झाली नाही. सोमवारी, ७ ऑक्टोबरला, एका कायद्याच्या विद्यार्थ्याच्या पत्राची दखल घेऊन दसऱ्याच्या सुट्टीतल्या सर्वोच्च न्यायालयाच्या विशेष खंडपीठाने ‘जैसे थे’ आदेश दिला. तोवर २,१८५ पैकी २,१४१ झाडं पडली होती.

यातून दोन कामं निघतात. परवानगीच्या पत्राची तारीख रोज तपासत राहायचं, सभेच्या तारखेवर विसंबायचं नाही. आणि निकाल विरोधात जाणार असा वास येवो वा न येवो, निकाल वाचून होताच त्याच जागी उभं राहून ‘सर्वोच्च न्यायालयात जाण्यासाठी दोन आठवडे संरक्षण द्या’ अशी तोंडी विनंती वकिलाने करायची. हे वकिलाला आदल्या दिवशी आठवण करून सांगा. शुक्रवारी निकाल असेल तर दिल्लीतल्या वकिलाला कागद आधीच पाठवून ठेवा.

याचिका

रिट याचिका की जनहित याचिका? झाड तुमच्या सोसायटीच्या आवारात असेल किंवा तुमचीच हरकत डावलली गेली असेल, तर साधी रिट. सार्वजनिक रस्ता, मैदान, टेकडी असेल तर जनहित याचिका, आणि तिला उच्च न्यायालयाचे २०१० चे जनहित याचिका नियम लागतात. याचिकाकर्त्याची ओळख, व्यवसाय, उत्पन्न, पॅन क्रमांक, खर्च कोण करतंय, स्वतःचा काही स्वार्थ आहे का, याच विषयावर आधी कुठे काही दाखल केलं होतं का, हे सगळं शपथेवर सांगावं लागतं. शेजारच्या इमारतीतल्या फ्लॅटची किंमत तुमच्या याचिकेमागे असेल तर ती लपणार नाही. आरेच्या प्रकरणात वृक्ष प्राधिकरणाच्याच एका सदस्याच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने ५० हजार रुपयांचा खर्च बसवला होता, तेव्हा ‘जनहित याचिका म्हणजे फुकटात काम’ असं समजू नये.

प्रतिवादी म्हणून वृक्ष प्राधिकरण, महापालिका, वृक्ष अधिकारी, राज्य शासन आणि ज्याला परवानगी मिळाली तो अर्जदार, एवढे हवेतच. अर्जदाराला वगळलं तर स्थगिती मागताना पहिला आक्षेप तोच येतो.

उच्च न्यायालयाचं काम इंग्रजीत चालतं. पालिकेचे सगळे कागद मराठीत असतात. जोडलेल्या प्रत्येक मराठी कागदाचा इंग्रजी अनुवाद लागतो आणि इथे दोन-तीन दिवस सहज जातात. म्हणून हरकत लिहितानाच तिचा इंग्रजी मसुदा करून ठेवा आणि १२० पानांच्या इतिवृत्तातली फक्त आपल्या प्रस्तावाची पानं अनुवादाला द्या.

सगळ्यात जास्त मेहनत घ्यावी ती तारखांच्या यादीवर. पहिल्या सुनावणीत न्यायमूर्तींपुढे शेकडो पानं असतात आणि मिनिटं दोन-तीन. अर्ज कधी, जाहिरात कधी, नोटीस कधी, हरकत कधी, सभा कधी, पत्र कधी, आणि १५ दिवस कधी संपतात, हे दीड पानात बसवा. त्याखाली एक तक्ता: झाड क्रमांक, यादीतली नोंद, प्रत्यक्ष स्थिती, फोटोचं पान. पाच-सहा ठळक झाडंच तिथे घ्या, बाकीची जोडपत्रात.

मागण्या साध्या ठेवा. अमुक तारखेची परवानगी रद्द करावी. हरकती ऐकून, कारणांसह, नव्याने निर्णय घ्यायचा आदेश द्यावा. तोपर्यंत झाडं तोडू, छाटू किंवा उपटू नयेत. ‘छाटू’ हा शब्द टाका. स्थगिती असतानाही फांद्या छाटून नुसता सोट उभा ठेवल्याचे प्रकार होतात. शेवटची मागणी अशी ठेवा की वरचं काही मान्य झालं नाही तरी हाती राहील: स्वतंत्र तज्ज्ञाकडून पाहणी, किंवा पुनर्रोपणावर देखरेख. मेट्रो-३ च्या झाडांवरची स्थगिती मे २०१७ मध्ये उच्च न्यायालयाने उठवली, पण त्याच वेळी देखरेखीसाठी समितीही नेमली.

उशीर केलात तर मुद्दे कितीही चांगले असोत, उपयोग नाही. परवानगी दोन महिन्यांपूर्वीची आणि तुम्ही करवतीचा आवाज ऐकून आलात, तर कोर्ट विचारणार, इतके दिवस काय करत होता? मधल्या दिवसांचा हिशेब याचिकेत स्वतःहून द्या. पत्राची प्रत मागितली ती तारीख, मिळाली ती तारीख, अनुवादाचे दिवस. आणि जुनी याचिका, लवादातला अर्ज, काहीही लपवू नका. एकच वाद दोन-तीन ठिकाणी चालवल्याने आरेच्या याचिकाकर्त्यांचं नुकसानच झालं. तिथल्या ‘हे वन आहे’ या मुद्द्याला उच्च न्यायालयाने हात घातला नाही, कारण तो दुसरीकडे प्रलंबित होता.

पहिली तारीख

याचिका दाखल झाल्यावर तातडीचं सर्क्युलेशन मागायचं, म्हणजे याचिका लवकर सुनावणीला घेण्याची विनंती करायची. कारण एका वाक्यात: झाडं अमुक तारखेनंतर केव्हाही तोडली जातील आणि मग याचिकेला अर्थ उरणार नाही. समोरच्यांना आधी ईमेलने प्रत आणि नोटीस पाठवून त्याचा पुरावा हातात ठेवा. ती दिलेली नसेल तर ‘आम्हाला प्रतच मिळाली नाही’ म्हणत तारीख पुढे जाते.

पहिल्या दिवशी पूर्ण स्थगिती मिळेलच असं नाही. पालिकेचा वकील उत्तरासाठी वेळ मागतो. त्या क्षणी तुमच्या वकिलाने एवढंच म्हणायचं, वेळ जरूर घ्या, पण तोवर झाडं तोडणार नाही असं सांगा. बहुतेक वेळा ‘पुढच्या तारखेपर्यंत तोडणार नाही’ असं निवेदन मिळतं. ते आदेशात नोंदवून घ्या. तोंडी आश्वासनावर घरी येऊ नका. आणि ‘पुढच्या तारखेपर्यंत’ असं असेल तर त्या तारखेला बोर्डावर (त्या दिवशीच्या सुनावण्यांच्या यादीत) नंबर लागला नाही तरी निवेदन पुढे चालू राहील हे वदवून घ्या, नाहीतर संध्याकाळी सहा वाजता ते संपतं.

आदेश वेबसाइटवर चढायला कधी कधी रात्र होते. तोपर्यंत वकिलाच्या लेटरहेडवर आदेशाचा सारांश पालिका, ठेकेदार आणि स्थानिक पोलीस ठाण्याला ईमेलने पाठवा आणि एक छापील प्रत घेऊन माणूस जागेवर उभा करा. कटर चालवणाऱ्या मजुराशी वाद घालू नका, त्याला मुकादमाचा फोन नंबर मागा.

वनजमीन असेल तर थोडी वेगळी वाट

वनमंजुरी दोन टप्प्यांत येते, आधी तत्त्वतः, मग अंतिम. कागद केंद्राच्या ‘परिवेश’ संकेतस्थळावर असतात. अंतिम मंजुरीनंतर राज्य सरकार जो आदेश काढतं त्याविरुद्ध हरित लवादात अपील होतं. मुदत ३० दिवस, सबळ कारण असेल तर आणखी ६०. ९० दिवस उलटले की लवादालाही उशीर माफ करता येत नाही, म्हणून हा आदेश कधी निघतो यावर डोळा ठेवावा लागतो. शुल्क, भरपाईची मागणी नसेल तर, एक हजार रुपये. आदिवासी भागात २००६ च्या वनहक्क कायद्याखालचा ग्रामसभेचा ठराव खरा आहे का, गणपूर्ती झाली होती का, हे सगळ्यात आधी बघा. कोऱ्या कागदावरच्या सह्या आणि एकाच हस्ताक्षरातली पन्नास नावं लगेच लक्षात येतात. अभयारण्य असेल तर वन्यजीव मंडळाची शिफारसही तपासा. गोव्यातल्या मोले अभयारण्यातून जाणाऱ्या रेल्वे दुपदरीकरणाची अशी शिफारस सर्वोच्च न्यायालयाने ९ मे २०२२ रोजी रद्द केली.

झाडं पडलीच असतील तर

याचिका लगेच मागे घेऊ नका. आदेश मोडून तोडली असतील तर अवमान अर्ज होतो. उरलेल्या बुंध्यांचे, करवतीच्या ताज्या भुशाचे आणि लाकूड नेणाऱ्या गाडीच्या क्रमांकाचे फोटो त्याच दिवशी घ्या. दोन दिवसांत जागा सपाट होते. ताजमहालाच्या संरक्षित पट्ट्यात विनापरवाना तोडलेल्या ४५४ झाडांसाठी सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२५ मध्ये झाडामागे एक लाख रुपये दंड मान्य केला. आरेत सर्वोच्च न्यायालयाकडून ८४ झाडांची मुभा असताना त्याहून जास्त झाडांसाठी परस्पर वृक्ष प्राधिकरणाकडे गेल्याबद्दल मेट्रो महामंडळाला एप्रिल २०२३ मध्ये १० लाख रुपये भरावे लागले. त्याच आदेशात १७७ झाडं हटवायची परवानगीही मिळाली.

आदेश न मोडता तोडली असतील, तर परवानगीतल्या अटींच्या मागे लागा. किती रोपं, कुठे, कोण जगवणार, आणि सहा महिन्यांनी किती जिवंत आहेत याचा अहवाल प्रतिज्ञापत्रावर मागा. तो अहवाल आला की पुन्हा टेप आणि वही घेऊन त्या भूखंडावर जा.